आदर्श वधूपित्याची साक्ष

कौळगाव
९ ऑक्टोबर १९९६

तीर्थरूप गं. भा. सोजरआक्का हिला माणिकचा दंडवत.

रागाच्या भरात लिहायचं नाही म्हणून आठवडाभर थांबलो. राग अजून गेलेला नाही, पण आज दुकानात गिऱ्हाईक नाही म्हणून लिहायला बसलो.

वैजयंता सोलापूरला तुझ्याकडे आली. आली तर आली, आत्याचं घर आहे, चार दिवस राहिली असती. पण तू तिला घेऊन थेट आमच्या तालुक्याच्या पोलीस ठाण्यात गेलीस आणि जावई, विहीण, व्याही अशा तिघांवर फिर्याद लिहून आलीस. गावावरून गेलीस आणि घरी पाणी प्यायलाही थांबली नाहीस. हे मला कळलं कुठे? न्हाव्याकडे, अर्धी दाढी झालेली असताना! तुझा भाऊ समाजमंडळाचा अध्यक्ष आहे, आक्का, निदान याचा तरी विचार करायचा होतास.

वैजूच्या लग्नात मंडळाने माझा 'आदर्श वधूपिता' म्हणून सत्कार केला तेव्हा तू पहिल्या रांगेत होतीस. मी माईकवरून म्हणालो होतो, "हुंडा देणार नाही, देऊ देणार नाही. माझ्या लेकीला मी कुंकू आणि नारळ देऊन पाठवतोय." बायाबापड्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. तो शाल-श्रीफळाचा फोटो दुकानात गल्ल्याच्या वर लावलेला आहे. आता त्याच फोटोखाली बसून हुंड्यापायी छळ झाला म्हणू? की फोटो उतरवू? उतरवला तर भिंतीवर चौकोन दिसेल, आणि येणारा-जाणारा विचारील.

चेवले मंडळी वाईट नाहीत. विश्वंभर मास्तर आहे, सुपारीचं खांडही खात नाही. विहीणबाई तोंडाने जरा फटकळ, पण सासू म्हटल्यावर तेवढं चालायचंच. हाताला भाजलं म्हणतेस. स्वयंपाक करताना कोणाला भाजत नाही? आमच्या गोदाच्या हातावर किती डाग आहेत, ती कधी पोलिसात गेली नाही.

नागपंचमीला थोरल्या दादाच्या ज्ञानोबाला मुराळी म्हणून तिला आणायला धाडलं होतं. ते म्हणाले कामं आहेत, पुढच्या सणाला पाठवू. पोरगी सुखात आहे म्हणूनच माहेरची आठवण येत नाही, असं मी समजून चाललो होतो.

फिर्याद मागे घे आणि तिला इकडे आणून सोड. मी स्वतः सासरी पोचवतो. धाकट्या छायाचं लग्न व्हायचं आहे, त्याचा तरी विचार कर. गोदा दिवसभर डोळे पुसत असते. तिनेही तुला लिहिलं असतं, पण तिला लिहिता येत नाही आणि सध्या ते बरंच आहे.

तुझा धाकटा भाऊ
माणिक

सोलापूर
१५ ऑक्टोबर १९९६

कौळगावचे आदर्श वधूपिते चि. माणिकराव यांना आक्काचे आशीर्वाद.

अर्धी दाढी झालेली असताना तुला बातमी कळली हे वाचून फार वाईट वाटलं. उरलेली अर्धी करून घेतलीस ना?

आता माझी बातमी ऐक. वैजू माझ्या दारात आली ती भर दुपारी. आली आणि ओट्यावर बसलेल्या शेजारणीच्या गळ्यात पडून "आत्या" म्हणून रडायला लागली. शेजारीण घाबरली. मला आधी वाटलं पोरीला भ्रम झालाय. तिला दिसत नव्हतं, माणिक. बसची पाटी वाचता येत नाही म्हणून प्रत्येक बसवाल्याला विचारत विचारत ती इथवर आली होती.

"चष्मा कुठाय गं?" म्हटलं.

"सासूबाईच्या कपाटात. वरीस झालं."

ती सातवीत असताना मीच तिला पहिला चष्मा करून दिला होता. मुलगी दाखवायच्या दिवशी तू तो काढून घेतलास आणि ज्वारीच्या कणगीत ठेवलास. पोरगी पोहे घेऊन बाहेर आली आणि सासऱ्याला सोडून त्यांच्या गाडीच्या ड्रायव्हरच्या पाया पडली. सगळ्यांनी म्हटलं, काय नम्र मुलगी आहे! लग्न होऊन आठवडा झाला आणि हिने चष्मा लावला, तेव्हा चेवल्यांना कळलं. तिथून पुढे त्यांनी तुझ्याकडे 'डोळ्यांची तूट' मागायला सुरुवात केली. विश्वंभर ज्या मोटरसायकलवरून शाळेत जातो ती त्याच तुटीची ना? आणि सुपारीचं खांडही न खाणाऱ्या या जावयाला मास्तर कोणी केलं? शाळेच्या संस्थेला त्याच्या नोकरीसाठी देणगी कोणी भरली? कुंकू आणि नारळ संस्थेने घेतले नसणार.

आता विश्वंभरची नोकरी पक्की करायच्या मान्यतेसाठी संस्थेला पुन्हा काहीतरी हवं आहे, म्हणून त्यांना तुझ्याकडून पुन्हा हवं आहे. त्यासाठी पोरीचा चष्मा कुलपात. दिसत नाही म्हणून भाकरी करपते, करपली म्हणून उपाशी ठेवायचं. चुलीवरचं आधण तिला दिसलं नाही, मनगटापासून कोपरापर्यंत हात सोलून निघाला. सासू शेजारी उभी होती. म्हणाली, "चष्मा पायजे व्हय? बापाला सांग, मान्यतेचं भरा मनावं, मग देते." हे असं फटकळ तोंड.

आणि ज्ञानोबाचं काय घेऊन बसलास? तो दर सणाला मुराळी म्हणून गेला, दर सणाला तिने त्याला मागच्या दारी गाठून सांगितलं, "दादा, मला दिसंना गेलंय, लई हाल करायलेत. अण्णाला सांग, घेऊन जा मनावं." सांगायची आणि वाट बघायची. गेल्या पंचमीनंतर तिने वाट बघणं सोडलं आणि स्वतःच निघाली.

फौजदार तुझा जबाब घ्यायला येतील. त्यांना खरं सांग. फोटो तसाच राहू दे, भिंतीला काही होत नाही.

आक्का

कौळगाव
२ नोव्हेंबर १९९६

तीर्थरूप आक्का,

तू मुलींच्या शाळेची हेडमास्तरीण होतीस, अजून तुझी छडी गेलेली नाही. पण मी तुझ्या वर्गात नाही.

फौजदार येऊन गेले. त्यांना चहा दिला, चिवडा दिला. 'थोडाफार त्रास होता असं कानावर आहे' एवढं लिहून दिलं. कोणाचं मन दुखावलं नाही आणि खोटंही बोललो नाही.

सगळ्यात आधी ज्ञानोबाचं. त्या बैलोबाने मला एक अक्षर सांगितलेलं नाही. दरवेळी 'बरी आहे' म्हणायचा आणि पोती मोजायला बसायचा. मला नुसती कुणकुण लागली असती तरी हा माणिक तलवार उपसून गेला असता. घरात तलवार नाही हे तू लिहिशील म्हणून आधीच सांगतो, ही बोलायची रीत आहे. पोटच्या पोरीचे असे हाल चाललेत हे ठाऊक असताना कुठला बाप तूरडाळ तोलत बसेल? तुझं पत्र आल्यावर ज्ञानोबाला दुकानात सगळ्यांसमोर झाडला. खाली मान घालून उभा राहिला. चोर असल्याशिवाय कोणी अशी मान घालतं का?

आता हुंडा. देणगी मी संस्थेला दिली. संस्था काय माझा जावई आहे? मोटरसायकल ही हौस होती. आणि चष्मा काढून ठेवला त्यात फसवणूक कसली? विश्वंभर बघायला आला तेव्हा टोपी घालून बसला होता. लग्नात टोपी काढून फेटा बांधताना टक्कल निघालं. मी तूट मागितली का?

शिवाय कायदा मलाही कळतो. हुंडा घेणारा गुन्हेगार, तसा देणाराही गुन्हेगार. मी 'दिला' म्हणालो की जावई राहील बाजूला, मलाच आत घालतील. मग समाजाने कोणाकडे बघायचं?

गोदाने वैजूसाठी शेंगदाण्याची चटणी दिली आहे, ज्ञानोबाबरोबर पाठवतो.

माणिक

सोलापूर
११ नोव्हेंबर १९९६

चि. माणिक,

चटणी पोचली. ज्ञानोबा दारात उभा होता, वैजूने त्याला बघितलं आणि दार लावून घेतलं. "याच्या तोंडाला कुलूप होतं म्हणून माझे एवढे हाल झाले," म्हणाली. तो डबा पायरीवर ठेवून निघून गेला. मी हाक मारली तरी मागे वळला नाही. मलाही त्याचा राग आला, पण त्याचा चेहरा काही चोराचा दिसला नाही.

तुझ्या कायद्याच्या ज्ञानाबद्दल जुबेदा बागवानला विचारलं. माझ्याच शाळेची विद्यार्थिनी, आता इथे नावाजलेली वकील आहे. ती हसली. म्हणाली, "बाई, ज्याच्यावर अन्याय झालाय त्यानं खरं सांगितलं तर त्या सांगण्यावरून त्याच्यावर खटला होत नाही, अशी सोय कायद्यात केलेली आहे. तुमच्या भावाला कायद्याची भीती नाहीये, फोटोची आहे." हे मी तिला सांगितलेलं नव्हतं, तिचं तिनेच ओळखलं.

पुढे तिने जे सांगितलं ते मात्र नीट वाच. सुनेने कोर्टात उभं राहून नुसतं रडून भागत नाही. सासरचे वाईट वागले एवढंही पुरत नाही. काय मागितलं, कोणी मागितलं, कधी मागितलं, आणि ते मिळावं म्हणून पोरीला काय केलं, हे सगळं एकमेकाला जोडून दाखवावं लागतं. वैजू सांगेल, तर ते म्हणतील आंधळी सून, स्वतःच्या हाताने भाजून घेतलं आणि आता सूड घेतेय. मी सांगेन, तर म्हणतील ही सोलापुरात होती, हिचं सगळं ऐकीव. त्यांची शेजारीण आत्ताच म्हणायला लागली आहे की आमच्या घरात रेडिओ मोठ्याने लागतो, आम्हाला काही ऐकू आलं नाही. संस्थेने देणगीची पावती दिलेली नाही, ती कोणालाच देत नाही. मागणी ज्याच्या तोंडावर झाली आणि ज्याने ती पुरवली असा एकच माणूस या जगात आहे. तो तूरडाळ तोलतो.

तू बोललास तर केस उभी राहते. नाही बोललास तर वैजू भर कोर्टात खोटारडी ठरेल, आणि तू तिला त्याच घरात पोचवून येशील. तिला ही एकच धास्ती आहे. मारायचे ते ती सांगते, उपाशी ठेवायचे तेही सांगते. पण 'अण्णा मला परत तिथं नेतील' म्हणताना उठून दाराची कडी बघून येते.

तिला नवा चष्मा केलाय. दिवसभर वाचत असते, जाहिरातीसुद्धा सोडत नाही.

आक्का

कौळगाव
२० एप्रिल १९९८

तीर्थरूप आक्का,

वर्ष-दीड वर्ष तुझं-माझं बोलणं नाही. तारखांमागून तारखा पडल्या, आपण दोघे कोर्टाच्या आवारात एकाच लिंबाखाली दोन टोकांना बसलो. वैजूची साक्ष झाली तेव्हा मी चहा प्यायला गेलो होतो. झालं गेलं ते सोडून दे. आता आनंदाची बातमी देतो.

मंडळाच्या पुढाकाराने बैठक झाली. अध्यक्षपदाची खुर्ची मी सोडून बसलो होतो, म्हणजे पक्षपात नको. चेवल्यांनी फार मोठं मन दाखवलं. ते वैजूला घरात घ्यायला तयार आहेत. वेगळी खोली देणार आहेत. चष्मासुद्धा परत करणार आहेत, तसं त्यांनी पाच माणसांत कबूल केलं आणि पाचही माणसांनी त्यांचं कौतुक केलं.

यापुढे माझ्या साक्षीची तारीख लागेल. मला एवढंच सांगायचं आहे की आम्ही काही दिलं नाही, त्यांनी काही मागितलं नाही. हे मी भर मांडवात माईकवरून आधीच सांगितलेलं आहे, म्हणजे यात नवीन खोटं असं काही नाही. तेवढ्याने केस आपोआप पडेल, कोणाची मान खाली जाणार नाही. छायाची सोयरीकही जवळजवळ ठरली आहे. त्या लोकांनी हे प्रकरण मिटवा एवढीच अट घातली आहे.

मी शब्द देऊन आलो आहे. वैजूला समजव.

माणिक

सोलापूर
३ मे १९९८

ती. अण्णांना साष्टांग नमस्कार.

तुमचं पत्र आत्यांनी मला वाचायला दिलं. त्यांनी उत्तर लिहायला घेतलं होतं. मी म्हटलं, त्यात तुम्ही फार टोचून लिहाल, मीच लिहिते.

अण्णा, मला त्या घरात जायचं नाही. वेगळी खोली म्हणजे ज्या खोलीत मला कोंडत होते तीच असणार, त्यांच्याकडे दुसरी खोली नाही. मी इथे बालवाडीत शिकवायला जाते. मुलं मला चष्मेवाली बाई म्हणतात. मला ते आवडतं.

मी कोर्टात सांगितलं तेव्हा त्यांचे वकील मला म्हणाले, "तुमच्या वडिलांनी काही दिलंच नाही, मग सासरचे तुम्हाला छळतील कशासाठी?" मी म्हटलं, वडलांना विचारा. जज्ज साहेबांनी ते लिहून घेतलं. आता तुम्हालाच विचारतील.

आत्या म्हणतात, तुझ्या बापाकडून आशा ठेवू नकोस. मी त्यांच्याशी भांडते. ज्ञानोबादादाने वेळेवर सांगितलं असतं तर तुम्ही त्याच दिवशी आला असता, हे मला पक्कं माहीत आहे. तुम्हाला कळलंच नाही, तर तुमचा काय दोष? तिथे अंधारात बसून मी हेच मनाशी घोकत होते, की अण्णांना अजून कळलेलं नाही, कळलं की येतील. त्याच्यावरच मी तिथे तगले. आता तर तुम्हाला सगळं कळलं आहे.

जे घडलं तेवढंच सांगा, अण्णा. माझ्यासाठी एवढं करा.

तुमची
वैजू

कौळगाव
१२ जुलै १९९८

तीर्थरूप आक्का,

केस जिंकल्यात जमा! तुझा साक्षीचा नंबर माझ्या मागे होता म्हणून तुला बाहेर बसवलं, वैजू तेवढी आत होती, नाहीतर भावाचा पराक्रम डोळ्यांनी बघितला असतास. तारीख संपल्यावर तुम्ही दोघी न बोलता निघून गेलात. बस चुकेल म्हणून गेलात असं धरतो आणि सविस्तर लिहितो.

खरं सांगायचं तर सुरुवात मी ठरल्याप्रमाणेच केली. सरकारी वकिलांनी विचारलं, काय मागितलं? म्हटलं, काही नाही. काय दिलं? म्हटलं, कुंकू आणि नारळ. ते चिडले, मला फितूर ठरवलं, चार उलटे प्रश्न विचारले. मी ढळलो नाही. चेवल्यांच्या बाकावर सगळे खूश. तिथेच संपायचं.

पण चेवल्यांनी लातूरहून मोठा वकील आणला होता, देशमाने नावाचा. त्याला गप्प बसवेना. उठला, कोट सारखा केला आणि म्हणाला, "म्हणजे माणिकराव, लग्नात तुम्ही जावयाला अंगठीसुद्धा घातली नाही?"

म्हटलं, "नाही."

"भांडीकुंडी?"

"नाही."

"वऱ्हाडाला जेवायला काय होतं?"

मी म्हटलं, "साधंच." ठरलं होतं तसं.

तर हा कोर्टाकडे तोंड करून हसत म्हणतो, "पाहा साहेब! यांनी पोरगी नेसत्या लुगड्यावर दिली, वऱ्हाडाला वरणभातावर वाटेला लावलं, आणि अशा कवडीचुंबक माणसाची अधू डोळ्यांची मुलगी माझ्या अशिलाने निव्वळ दयेपोटी पदरात घेतली."

आक्का, कोर्ट गच्च भरलं होतं. अर्धा तालुका तिथे होता. आडतबाजारातली माणसं होती. आणि सगळी हसली! चेवलेसुद्धा हसले, तोंडावर उपरणं धरून! ज्या माणसाने माझं खाल्लं तो माझ्या तोंडावर हसला!

मग मला राहवलं नाही. मी म्हटलं, "ओ वकीलसाहेब, कवडीचुंबक कुणाला म्हणायलाव? वऱ्हाडाला श्रीखंड होतं! दोनदा वाढलं! तुमचा हा मास्तर फळ्याम्होरं उभा राहतोय तो कुणाच्या जिवावर? त्याची नोकरी म्या लावलीय, संस्थेच्या अध्यक्षांच्या हातात देणगी म्या ठेवलीय, ह्यो माझा व्याही गणपत चेवले संगं होता, त्यानंच आकडा सांगितला! फटफटी कुणाची हाय? सोन्याचं कडं कुणाचं हाय? दाखीव की रे हात वर करून!" आणि विश्वंभरने कडं बाहीत सरकवलं. ते साहेबांनी स्वतः बघितलं आणि लिहून घेतलं. टाईप करणाऱ्याने श्रीखंड गाळलं होतं. मी ते परत वाचून दाखवायला लावून घालून घेतलं.

देशमाने धपकन खाली बसला. सरकारी वकिलांनी साहेबांची परवानगी घेऊन पुन्हा विचारलं, या मागण्या आणि मुलीचा छळ यांचा काय संबंध? म्हटलं, ऐका. दर सणाला माझा पुतण्या मुराळी म्हणून जायचा. दर वेळी परत येऊन मला उभ्या उभ्या सांगायचा, काका, वैजूचा चष्मा काढून घेतलाय, तिला उपाशी ठेवतात, तिचा हात भाजलाय, ती म्हणतीय अण्णाला सांग, घेऊन जा. चार दिवस गेले की चेवले स्वतः दुकानात यायचे, मान्यतेचं बघा म्हणायचे. आणि मी बघायचो! एकदाही रिकाम्या हाताने परत पाठवलं नाही. ज्ञानोबाला दटावून ठेवलं होतं की बाहेर कुठे बोलायचं नाही, वैजूलाही काही सांगायचं नाही. मी देत गेलो म्हणूनच पोरगी त्या घरात टिकली. आहे असा दुसरा बाप तालुक्यात?

आता कोर्टात कोणी हसत नव्हतं. सरकारी वकिलांनी बाहेर आल्यावर हात जोडले. म्हणाले, याच्याहून पक्का पुरावा मी आजवर बघितला नाही.

छायाचं ठरलेलं मोडलं. पण साक्ष झाल्यापासून तीन नवी स्थळं आपण होऊन आली आहेत. माणिक बिडवे द्यायला लागला की हात आखडत नाही, हे आता सगळ्यांना कळलं आहे.

वैजू खूश असेल. तिला सांग, अण्णांनी तुझा शब्द राखला.

माणिक

सोलापूर
२१ जुलै १९९८

माणिक,

कोर्टातून निघालो तशी वैजू रडायला लागली. बसमध्ये खिडकीकडे तोंड करून बसली, घरी आल्यावर जेवली नाही. मला वाटलं तू उलटी साक्ष दिलीस. मी तुला इतक्या शिव्या दिल्या की शेजारीण बघायला आली. वैजू म्हणाली, "नाही आत्या, अण्णा खरं बोलले." मग का रडतेस, म्हटलं, तर चष्मा पुसत राहिली.

काल तुझं पत्र आलं. वाचलं आणि मला कळलं.

तू मला लिहिलं होतंस की कुणकुण लागली असती तर तलवार उपसली असती. मी आयुष्यभर पोरींच्या खोट्या सबबी पकडल्या, आणि सख्ख्या भावाची पकडता आली नाही. बापाला कळलं तर बाप जातोच, हे मीही धरून चालले होते. तुला श्रीखंड गाळलेलं खपलं नाही. माझ्याकडे आता तुझ्यासाठी टोमणाही उरलेला नाही.

आक्का

कौळगाव
२८ डिसेंबर १९९८

चि. वैजयंतास अनेक आशीर्वाद.

आक्का पत्रांना उत्तर देत नाही म्हणून तुलाच लिहितो. निकाल तुला कळलाच असेल. विश्वंभर आणि त्याच्या आईला शिक्षा झाली, गणपतराव वयामुळे म्हण की नशिबाने म्हण, सुटले. ते लोक वरच्या कोर्टात जाणार म्हणतात, जाऊ देत. निकालात माझं नाव पानोपानी आहे. मी नक्कल काढून आणली आहे.

आता सगळं मिटलं. तुझी आई वाट बघते आहे. यंदाच्या संक्रांतीला मी स्वतः मुराळी होऊन तुला न्यायला येतो. गाडी ठरवली आहे. वेशीपासून घरापर्यंत वाजत आणू, लोकांनाही बघू दे की बिडव्यांची लेक ताठ मानेने माहेरी आली. माझ्या मनात तुझ्याविषयी काही नाही.

तुझे
अण्णा

सोलापूर
५ जानेवारी १९९९

ती. अण्णांना नमस्कार.

निकालाची नक्कल जुबेदाताईंनी मलाही वाचायला दिली. साहेबांनी लिहिलं आहे की फिर्यादीचा छळ होत होता हे तिच्या वडिलांना वेळोवेळी समजत होतं, त्यावरून तो झाला हे सिद्ध होतं. मी ते वाक्य पुष्कळदा वाचलं. माझी केस त्याच वाक्याने जिंकली.

तुम्ही गाडी ठरवू नका. मला न्यायला येऊ नका.

मागच्या आठवड्यात मी ज्ञानोबादादाला बोलावून घेतलं. तो आला तो पायरीवरच बसला, मागच्या वेळी दार लावलं होतं ना. मी म्हटलं, "दादा, तू सांगत होतास तर मला का नाही बोललास? मी तुला दोन वर्षं शिव्या दिल्या." तर म्हणाला, "काकानं गप बस म्हटलं होतं, ते एक. आन् तुला काय सांगणार होतो वैजू? तुझ्या बापाला समदं ठावं हाय, तरी तो येत नाही, असं सांगू? तू कशावर जगली असतीस मग?"

संक्रांतीला मी कौळगावला येणार आहे. ज्ञानोबादादा मुराळी म्हणून येतोय, एसटीने. चार दिवस त्याच्या घरी राहीन, वहिनीने बोलावलं आहे. आईला तिळगूळ द्यायला तिकडेच बोलावून घेईन. छायालाही पाठवा. आत्याचा सोलापूरचा पत्ता मला छायाकडून तोंडपाठ करून घ्यायचा आहे, तिचं लग्न ठरायच्या आत.

दादाच्या घरी जायचं तर तुमच्या दुकानावरूनच जावं लागतं. मी खाली मान घालून जाणार नाही. गाव तुम्हाला विचारील, लेक आली आणि चुलतभावाकडे का उतरली? काय सांगायचं ते तुम्ही ठरवा. मी काही तुमच्या विरुद्ध साक्ष देणार नाही.

वैजयंता